गाण्यात मैत्रीण कुठे आहे?

ताई,

मी १६ वर्षांची आहे, अमळनेरला अकरावी सायन्सला. पाचवीपासून एका बाकावर बसणारी माझी एक मैत्रीण आहे. तिचा भाऊ इंजिनीअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे, जळगावला रेल्वेने अप-डाऊन करतो. मागच्या थंडीत त्यांच्या शेतात भरीत पार्टी होती. तो कपाशीच्या काड्यांवर वांगी भाजत होता. धूर माझ्या डोळ्यांत गेला, तेव्हा त्याने काही न बोलता पाण्याची बाटली पुढे केली. एवढंच झालं, पण तेव्हापासून माझं लक्ष कशातच लागत नाही. संध्याकाळी तो स्टेशनवरून घरी येतो त्या वेळेला मी नोट्सचं निमित्त काढून त्यांच्याकडे जाऊन बसते. परवा मैत्रीण तिच्या मामांच्या ऑपरेशनबद्दल सांगत होती आणि माझे कान फाटकाकडे होते. तिने विचारलं, "ऐकतेयस ना?" मी हो म्हटलं.

मला एक इंग्रजी पॉप गाणं सापडलं, मैत्रिणीच्या भावावर जीव जडलेल्या मुलीचं. ते ऐकून ऐकून शेवटी मी स्वतःच एक गाणं केलं, अर्धं मराठी, अर्धं अहिराणी. "गाडीना आवाज उना, मना जीव दारमा उना" असा मुखडा आहे. चाल बसवायला मैत्रिणीनेच मदत केली, ती कीबोर्ड वाजवते. "कोन शे वं हाऊ?" असं तिने विचारलं, तर मी म्हटलं, कोणी नाही गं, असंच. जानेवारीच्या गॅदरिंगमध्ये आम्ही दोघी ते सादर करणार आहोत, नावं पुढच्या शनिवारी द्यायची आहेत. दुसरा अंतरा मी तिला अजून दाखवलेला नाही. त्यात त्यांचं निळं फाटक आहे, लिंबाखाली लावलेली गाडी आहे, त्यांचा मोत्या कुत्राही आहे.

तिला सांगू का? त्याला सांगू का? गाण्याची रील टाकली तर चालेल का? आणि राखीला काकूंनी त्याला राखी बांधायला बोलावलं होतं, तेव्हा मी ताप आल्याचं सांगून गेले नाही. हे पाप आहे का?

एक वाचक, अमळनेर

पोरी,

गॅदरिंगपासून सुरुवात करते, कारण बाकी सगळ्याला वेळ आहे, त्याला नाही. स्टेजवर तू माइकसमोर उभी आहेस, ती कीबोर्डवर आहे. मुखडा झाला, पहिला अंतरा झाला, टाळ्याही पडल्या. मग तू दुसरा अंतरा उचलतेस आणि निळं फाटक येतं. तुमच्या वर्गातल्या निम्म्या पोरी त्या फाटकातून आत गेलेल्या असणार. मोत्याचं नाव आलं की उरलेल्यांनाही कळेल. मागच्या रांगेतून कोणीतरी ओरडेल, आणि तुझ्या मैत्रिणीचे दोन्ही हात तेव्हा पट्ट्यांवर असतील. तिला उठून जाता येणार नाही, तुझ्याकडे बघता येणार नाही, वाजवणं थांबवताही येणार नाही. जी गोष्ट तिला सगळ्यात आधी कळायला हवी होती, ती तिला अख्ख्या हॉलबरोबर कळेल. हे होऊ देऊ नकोस. तुझ्या पत्रातल्या सगळ्या प्रश्नांत माझ्या मते हा एकच तातडीचा आहे.

पापाचं लगेच निकालात काढते. आपल्याकडे मैत्रिणीचा भाऊ हा आपोआप आपलाही भाऊ ठरतो, आणि काकूंनी तुला मायेनेच बोलावलं. पण मन असं ठरवून दिलेल्या जागी बसत नाही, आणि बसलं नाही म्हणून कोणी पापी होत नाही. मनात एक असताना हातात राखी घेऊन उभी राहिली नाहीस, हे मला तरी बरंच वाटलं. तापाची थाप मारलीस, ती तेवढी सोडून दे. काकूंना आत्ता काही सांगायला जाऊ नकोस.

आता त्या गाण्याबद्दल बोलू, कारण तुझा गुंता मला तिथूनच सुटताना दिसतो.

अशी गाणी ऐकताना वाटतं की एखाद्या सोळा वर्षांच्या मुलीने खोलीचं दार लावून, उशीत तोंड खुपसून ती लिहिली असतील. पण ती बहुतेकदा मोठ्या माणसांनी मिळून लिहिलेली असतात: कोणी शब्द बसवतं, कोणी चाल, कोणी ठेका. ती एखाद्या किशोरवयीन मालिकेसाठी किंवा तरुण गायिकेच्या अल्बमसाठी तयार होतात. तीनेक मिनिटांचा वेळ असतो, आणि पहिल्या मिनिटाच्या आत ओठांवर बसेल असा मुखडा यावाच लागतो. एवढ्याशा जागेत एक ओढ आणि एक अडसर बसवायचा असतो, आणि मैत्रिणीचा भाऊ हा विषय त्यासाठी आयता मिळतो. तो रोज दिसतो, एका हाकेवर असतो, आणि तरी त्याला सांगता येत नाही. ओढही त्यातच आली आणि अडसरही. म्हणून मुखडा फिरून फिरून तिथेच येतो, दर वेळी जरा वरच्या पट्टीत, आणि ओढ अगदी टिपेला पोचली की गाणं संपतं. त्या मुलीला सोमवारी वर्गात जाऊन त्याच मैत्रिणीच्या शेजारी बसायचं नसतं. तुला बसायचं आहे.

शिवाय अशा गाण्यांत मैत्रिणीला काम तरी काय असतं? ती दार असते. तिच्यातून आत गेलं की भाऊ दिसतो. तिच्या तोंडी एक ओळ नसते, तिला काय वाटलं ते कोणी विचारत नाही. खरं तर भावालाही फारसं काही नसतं. केस असतात, हसू असतं, बाइक असते. त्याला कशाची भीती वाटते, त्याचा कोणता पेपर राहिलाय, हे त्या गाण्यात कधी येत नाही. आता तुझं गाणं काढून बघ. फाटक आहे, लिंब आहे, गाडी आहे. मोत्यालासुद्धा जागा मिळाली. जिने चाल बसवून दिली, ती मात्र कुठेच नाही.

हे मी तुला बोल लावायला लिहीत नाही. तुझा मुखडा मला मनापासून आवडला. गाडीचा आवाज अख्ख्या गल्लीला ऐकू येतो आणि एकाच मुलीचा जीव दारात येतो, हे तू दोन तुकड्यांत पकडलंस, आणि घरच्या बोलीत पकडलंस. ज्या मुलीला एवढं नेमकं ऐकू येतं, तिला मैत्रिणीचं "ऐकतेयस ना?" हेही ऐकू आलेलं असतं. आलं होतंच, नाहीतर तू मला ते लिहिलं नसतंस.

तुझ्या पत्रात मी सगळ्यात जास्त थांबले ती जागा हीच. घरात ऑपरेशन म्हणजे काय असतं ते तुला माहीत आहे. पैशांची जमवाजमव, धुळ्याला न्यायचं की नाशिकला यावर वाद, आईचा उतरलेला चेहरा. ती ते सगळं घेऊन तुझ्याजवळ बसली होती, कारण बसायला तिला दुसरी जागा नसावी. भावाला ती हे असं सांगणार नाही, आईला तर नाहीच. तू हो म्हणालीस आणि ती पुढे बोलत राहिली असेल. पण आपलं बोलणं समोरच्यापर्यंत पोचत नाहीये, हे माणसाला कळतं गं. तिलाही काहीतरी कळलं असणार, फक्त त्याचं कारण माहीत नसेल. कारण माहीत नसलं की माणूस स्वतःलाच दोष देतो: मी कंटाळवाणी झाले का, हिला आता दुसरं कोणी सापडलं का.

म्हणून तुझ्या पहिल्या प्रश्नाला माझं उत्तर हो आहे. तिला सांग, आणि बाकी कोणालाही सांगायच्या आधी सांग.

कुठे सांगायचं यालाही महत्त्व आहे. त्यांच्या घरी नको. आत काकू स्वयंपाक करत असणार, आणि तो नेमका तेव्हाच येऊन उभा राहायचा. व्हॉट्सअ‍ॅपवर तर मुळीच नको. लिहिलेलं पुढे जातं, व्हॉइस नोट त्याहून लवकर जाते, आणि तुला तिचा चेहरा दिसत नाही. तुम्हा दोघींना सवयीचा असा एखादा रस्ता असेलच. मंगळग्रह मंदिराकडे जात असाल तर मंगळवार सोडून जा, त्या दिवशी तिथल्या गर्दीत दोन वाक्यं धड बोलता येत नाहीत. चालताना बोलणं सोपं जातं, एकमेकींच्या तोंडाकडे बघायची सक्ती नसते.

आणि आधी मामांचं विचार. नुसतं विचारायचं म्हणून विचारू नकोस. कसे आहेत, टाके काढले का, मामी एकट्याच आहेत का तिथे. तिचं सगळं बोलून होऊ दे. मग तुझं सांग, आणि फार फिरवून सांगू नकोस. साधारण असं: "मला तुला एक सांगायचंय, आणि तुला राग येईल असं वाटतं म्हणून इतके दिवस बोलले नाही. तू विचारलं होतंस ना, गाणं कोणावर आहे, तर मी खोटं बोलले. ते तुझ्या भावावर आहे. त्याला यातलं काही माहीत नाही आणि मी त्याला सांगणारही नाही." एवढं पुरे. त्याची बाटली, त्याचा शर्ट, तो कसा हसला, हे तिला ऐकवत बसू नकोस. तिच्यासाठी तो मोरीत ओला टॉवेल टाकून जाणारा भाऊ आहे.

तिच्याकडून काय येईल ते मला सांगता येणार नाही. कदाचित ती पोट धरून हसेल, आणि त्या हसण्याचा तुला राग येईल; तो गिळ. कदाचित गप्प होईल. पण आज ना उद्या ती एक प्रश्न विचारेल, तेव्हा गडबडू नकोस: "म्हणजे तू माझ्याकडे यायचीस की त्याच्यासाठी यायचीस?" "फक्त तुझ्यासाठी" असं म्हणायचा तुला मोह होईल. म्हणू नकोस, ते खरं नाही, आणि एक खोटं तिने आधीच पकडलेलं असेल. खरं हे आहे की तू दोघांसाठी जात होतीस, आणि काही दिवस तर त्याच्याचसाठी. ते तसंच सांग. मामांचं ती सांगत होती तेव्हा तुझं लक्ष नव्हतं, हेही सांग. तिला लागेल. पण कारण कळल्यावर ते स्वतःला लावून घ्यायची तिला गरज उरणार नाही.

दोन गोष्टी मात्र करू नकोस. त्याचं कुठे काही आहे का, हे तिला विचारू नकोस. एकदा विचारलंस की ती तुझी मैत्रीण राहायची नाही, तुमच्या दोघांमधली पोस्टमन होईल. आणि सांगताना आधीच रडायला लागू नकोस. तू रडलीस की तिला तुझे डोळे पुसावे लागतील, आणि स्वतःचा राग तिला कुठे ठेवावा ते कळणार नाही. राग आला तर येऊ दे. काही दिवस ती बाकावर मध्ये दप्तर ठेवेल. इतर पोरींना मध्यस्थीला पाठवू नकोस, नाहीतर दोघींची गोष्ट सगळ्यांची होईल. पाचवीपासूनचा बाक आहे, त्याला चार दिवस दे.

आता तो.

त्याला सांगू नकोस. निदान आत्ता तरी नाही. त्याने एक पाण्याची बाटली दिली. शेतात पाहुण्या पोरीच्या डोळ्यांत धूर गेला तर घरचा शहाणा मुलगा तेच करेल, आणि भरिताच्या जाळाचा धूर डोळे किती झोंबवतो ते आपल्याकडे सगळ्यांना ठाऊक आहे. ती बाटली चांगुलपणाची होती, तुझ्या मनात ती वर्षभरात मोठी झाली. तुला तो आवडतो यात वाईट काही नाही. तो चांगला वागला म्हणूनच आवडला. पण तो तिसऱ्या वर्षाला आहे, म्हणजे विशीच्या आसपासचा, आणि तू १६ची. मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराविरुद्धचा २०१२चा पोक्सो कायदा १८ वर्षांखालच्या प्रत्येकाला बालक मानतो, आणि मुलीची संमती होती असं म्हणून मोठ्या माणसाची त्यातून सुटका होत नाही. तू सांगितलंस तर अडचणीत तो येईल: स्वतःच्या घरात, स्वतःच्या बहिणीच्या मैत्रिणीसमोर, नाही म्हटलं तरी तुला दुखावणार आणि गप्प बसलं तरी घरच्यांपासून लपवणार. ज्याच्यावर तुझा जीव आहे, त्याला त्या जागी उभं करू नकोस.

तो तसा आहे असं मी म्हणत नाही, पण हे लिहिल्याशिवाय मला पुढे जाता येणार नाही. त्याला कुठून कळलं आणि तो रात्री मेसेज करायला लागला, "बहिणीला सांगू नकोस" म्हणाला किंवा फोटो मागितले, तर ते प्रेम समजू नकोस. त्याच दिवशी आईला किंवा तुझा जिच्यावर विश्वास आहे अशा बाईंना दाखव. घरी बोलायची सोयच नसेल तर १०९८ हा मुलांसाठीचा मोफत फोन आहे, दिवसरात्र चालतो. हे मी अशा वेळी प्रत्येक मुलीला लिहिते.

संध्याकाळचं जाणंही बदल. मैत्रिणीकडे जायचंच, पण त्याची गाडी यायच्या वेळेला नको. रविवारी सकाळी जा, तो क्रिकेटला गेला असताना जा. पहिले काही दिवस आवाज नसलेल्या घरात बसणं जड जाईल. मग एखाद्या दिवशी तुमच्या गप्पा इतक्या रंगतील की तो कधी आला ते कळणारही नाही. असा दिवस लगेच येईल असं वचन मी देत नाही, पण रोज फाटकाकडे कान लावून बसलीस तर तो येणारच नाही.

राहिली रील. खान्देशातल्या पोरी मनातलं गाऊन सांगत आल्यात, ते काही आज सुरू झालेलं नाही. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, लिंबाला झोके बांधून माहेरवाशिणी गातात: सासरचा जाच, भावाची वाट, आईची आठवण, काय काय येतं त्यात. भादव्याच्या पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत भुलाबाईच्या गाण्यांतही सासर-माहेर येतंच. तुझ्या आजीला विचार, तिला त्यातली कितीतरी येत असतील. पण ती गाणी घोळक्यात म्हणतात. एखादीचा गळा दाटून आला तरी बाकीच्या ओळ पुढे नेतात, आणि हे दुःख नेमकं कोणाचं ते कोणी बोट ठेवून सांगू शकत नाही. त्या घोळक्यात पोरीला आडोसा मिळतो. रीलमध्ये तो नाही. तिथे तुझा चेहरा आहे, तुझं नाव आहे, कॉलेजचा गणवेश आहे आणि वर अमळनेर लिहिलेलं आहे. अहिराणी गाणं आजकाल बघता बघता पसरतं, यूट्यूबवरून थेट हळदीच्या डीजेवर जातं, आणि तुझा मुखडा पसरण्यासारखाच आहे. म्हणून सांगते, आत्ता रील टाकू नकोस. दुसरा अंतरा आहे तसा असताना तर कधीच नको. गाणं तुझं आहे, पण ते फाटक त्यांच्या घराचं आहे.

तो अंतरा नव्याने लिही. लिंब राहू दे, तो प्रत्येक गल्लीत आहे. फाटकाचा रंग काढ, मोत्याला काढ. आणि त्या जागेवर तिला आण. "ऐकतेयस ना?" हा तिचा प्रश्नच अंतऱ्यात घाल, अहिराणीत, ती विचारते तसा. मुखड्यात जीव दारात गेलेला आहे, आणि अंतऱ्यात शेजारी बसलेली मैत्रीण विचारते, तू ऐकतेयस ना. मग पुन्हा मुखडा येईल, तेव्हा तेच शब्द वेगळे लागतील; दारात गेलेल्या मुलीच्या मागे कोणीतरी बसलेलं दिसेल. मूळ इंग्रजी गाण्याची छाया उरणार नाही, ते तुमच्या दोघींचं होईल. तिचा आवाज बरा असेल तर ती ओळ तिनेच म्हणावी. पण हे सगळं तिने हो म्हटलं तर. चालीत तिचा वाटा आहे, तेव्हा वाजवायचं की नाही हे तिचं तिने ठरवायचं.

ती नाही म्हणाली तर हट्ट धरू नकोस, गाणं वहीत ठेव. गॅदरिंगला भुलाबाईची दोन-तीन गाणी एकात एक गुंफून म्हणा, कीबोर्डबरोबर ढोलकी घ्या आणि वर्गातल्या आणखी पाच-सहा पोरींना उभं करा. तुमच्या हॉलला ते आवडेल, आणि सरांना शब्द दाखवताना कोणाला घाम फुटणार नाही.

नावं शनिवारी द्यायची आहेत. तिला शुक्रवारी संध्याकाळी गाठून लगेच उत्तर मागू नकोस. बुधवारपर्यंत बोल, आणि दुसरा अंतरा जसा आहे तसा, काहीही न खोडता तिच्या हातात दे. दोन दिवस तो तिच्याकडे राहू दे.